उचल आणि मोती : बहरीनच्या पाणबुड्यांचा हिशेब

बहरीनच्या मोत्यांच्या धंद्यात माणूस कामावर ठेवताना पगार ठरत नसे. त्याला उचल मिळे. उन्हाळ्यातल्या चार महिन्यांची बुडी संपली की हिवाळ्यात घर चालवायला थोडी रक्कम, पुढच्या हंगामाच्या तोंडावर बायकामुलांच्या पोटापाण्यासाठी आणखी थोडी, आणि मधेच नाव बंदराला लागली तर हातखर्चाला काही. हंगाम सरला की मोती विकले जात, हिस्से पडत, आणि ज्याच्या त्याच्या हिश्शातून ही उचल वळती करून घेतली जाई. हिस्सा उचलीपेक्षा कमी भरला तर बाकी पुढच्या साली ओढली जाई. बीडकडचा ऊसतोड मजूर मुकादमाकडून घेतो ती उचल याच जातीची. नशिबाचा तोटा कोणी सोसावा, बापाचे देणे लेकाने फेडावे का, अडलेल्या माणसाने दिलेली संमती खरी मानावी का, हे प्रश्न नीतिशास्त्राच्या ग्रंथांत चर्चिले जातात. या बेटावर ते दरवर्षी हिशेबाच्या वहीत उभे राहत, आणि तिथेच सुटत किंवा चिघळत.

धंद्याचा पसारा लहान नव्हता. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात ब्रिटिश अधिकारी लॉरिमर यांनी आखाताचा जो मोठा गॅझेटियर तयार केला, त्यात बहरीनच्या बुडीच्या नावा 900 हून अधिक आणि त्यांवरची माणसे 17,500 च्या वर दिली आहेत. एवढ्याशा बेटाच्या मानाने हा आकडा फार मोठा. धडधाकट पुरुषांपैकी बहुतेक जण या ना त्या नात्याने शिंपल्यांवर जगत होते. चलन हिंदुस्थानी रुपयाचे होते आणि ते 1960 च्या दशकापर्यंत रुपयाशीच बांधलेले राहिले. माल मुख्यतः मुंबईला जाई. मुंबईत मोती पारखले, प्रतवारीने लावले, विंधले आणि ओवले जात; तिथून ते पॅरिस-लंडनला किंवा संस्थानिकांच्या जामदारखान्यात पोहोचत. मराठी घरांत नथीत आणि तन्मणीत जपून ठेवलेल्या बसरा मोत्यांतले कित्येक बहरीनच्या आसपासच्या समुद्रतळातूनच आलेले असणार. बसऱ्याचे फक्त नाव. मनामा शहरात सिंधमधल्या ठठ्ठ्याच्या भाटिया व्यापाऱ्यांची वस्ती फार जुनी. तिथले श्रीनाथजींचे मंदिर 200 वर्षांचे मानले जाते.

हंगाम साधारण मेअखेर किंवा जूनमध्ये सुरू होई आणि सप्टेंबरच्या शेवटी संपे. शेखाच्या हुकमाने एक दिवस ठरे आणि मुहर्रक बेटाच्या किनाऱ्यावरून ताफा एकदम निघे. परतण्याचा दिवसही असाच ठरलेला असे. नावेचा मुख्य तो नाखुदा, म्हणजे आपल्या कोकण किनाऱ्यावरचा नाखवा. त्याच्या हाताखाली बुडी मारणारे पाणबुडे, प्रत्येक पाणबुड्यामागे त्याची दोरी सांभाळून त्याला वर ओढणारा एक सैब, शिवाय हरकामी पोरे आणि मोठ्या नावेवर गाणारा एक नहाम. वल्ही मारताना, नांगर ओढताना तो जी गाणी म्हणे, त्या परंपरेला फजिरी म्हणतात. 2021 मध्ये युनेस्कोने तिला मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादीत घेतले.

पाणबुड्याची सामग्री फार थोडी. नाकाला शिंगाचा किंवा कासवाच्या पाठीचा चिमटा, बोटांना चामड्याच्या टोप्या, गळ्यात जाळीची टोपली, पायाला दोरीने बांधलेला जड दगड. दगडाच्या वजनाने तो चार पुरुषांपासून आठ-दहा पुरुषांपर्यंत खोल पाण्यात उतरे. तळाशी पोहोचला की पाय दगडातून सोडवी, सैब तो दगड वर ओढून घेई, आणि जेमतेम मिनिटभराच्या अवधीत हाताला लागतील तेवढे शिंपले टोपलीत टाकून पाणबुड्या दोरीला हिसका देई. हिसका जाणवताच सैबाने जीव खाऊन ओढायचे. दिवसभरात अशा कित्येक बुड्या होत. कान फुटत, डोळे जात, खाऱ्या पाण्याने कातडी सोलवटे. दिवसा पोटात फारसे काही घेत नसत. रात्री भात, मासळी आणि खजूर.

या कामात दोरीच्या दोन टोकांना दोन माणसे असत, आणि एकाचा प्राण दुसऱ्याच्या हातात असे. सैबाने डुलकी काढली तर पाणबुड्या वर येत नसे. म्हणूनच जोडी बहुधा नात्यातली किंवा जुन्या मैत्रीची असे. विश्वासघात केला तर काय, याचा निवाडा करायला तिथे कोर्ट नव्हते, आणि त्याची गरजही क्वचितच पडे.

नावेवरच्या वाटणीची रीत मात्र नीट पाहण्यासारखी आहे. दिवसभरात सगळ्या पाणबुड्यांनी वर आणलेले शिंपले एकाच ढिगात पडत. ढीग रात्रभर तसाच राही. दुसऱ्या दिवशी सकाळी सगळे गोल करून बसत आणि नाखुद्याच्या डोळ्यांसमोर बाकदार सुऱ्यांनी शिंपले उघडत. मोती कोणाच्या बुडीतला, हे ओळखणे तोवर अशक्य झालेले असे. ही केवळ सोय नव्हती. शेकडो शिंपले फोडले तरी हाताशी काही लागेलच याची खात्री नसे, आणि एखाद्याच शिंपल्यात वर्षाची कमाई सापडे. ज्याचा शिंपला त्याचा मोती असा नियम असता, तर एक पाणबुड्या श्रीमंत झाला असता आणि बाकीचे उपाशी राहिले असते. शिवाय मोती लपवण्याचा मोह प्रत्येकाला झाला असता. ढीग एकत्र करून नावेने नशिबाची वाटणी आधीच करून टाकली. अमेरिकी विचारवंत जॉन रॉल्स यांनी 1971 साली असे सुचवले की, आपल्या वाट्याला काय येणार हे कोणालाच ठाऊक नसताना जो नियम सगळ्यांना मान्य होईल, तो न्याय्य समजावा. मुहर्रकच्या नावेवर हे शिंपल्यांच्या ढिगाने साधले जात होते, आणि त्यासाठी कोणी ग्रंथ लिहिला नव्हता.

विक्रीनंतरची वाटणीही रूढीने ठरलेली होती. पुष्कळ नावांवर पाचवा हिस्सा नावेसाठी बाजूला निघे. मग शिधासामग्रीचा खर्च वजा होई. उरलेल्यात सर्वसाधारणपणे पाणबुड्याला तीन वाटे, सैबाला दोन, हरकाम्याला एक. लहान पोरांना वाटा नसे. त्यांना पोटभर जेवण आणि धंद्याची ओळख. पाण्यात उतरणाऱ्याला जास्त आणि दोरी धरणाऱ्याला कमी, हे धोक्याच्या मानाने रास्तच म्हणावे लागेल. समुद्रावरच्या या व्यवस्थेत फारसे खोट काढण्यासारखे नाही. खोट होती ती किनाऱ्यावर.

किनाऱ्यावर पैशाची एक साखळी असे. वरच्या टोकाला सावकार-व्यापारी, मध्ये नाखुदा, खाली पाणबुडे. सावकार नाखुद्याला पैसा आणि माल पुरवी, नाखुदा तोच पुढे पाणबुड्यांना उचल म्हणून देई. बऱ्याचदा ही उचल रोकड नसेच. तांदूळ, खजूर, कॉफी, कापड अशा रूपात ती मिळे. इस्लामने व्याज निषिद्ध ठरवले आहे, म्हणून खात्यात व्याज असे लिहीत नसत. तांदळाच्या पोत्याचा भाव बाजारापेक्षा चढा लावला की काम भागे. वरच्या टोकालाही तेच. सावकाराच्या पैशावर निघालेल्या नाखुद्याला आपले मोती त्यालाच, आणि बाजारभावापेक्षा कमी भावाने द्यावे लागत. हिंदू व्यापारी मात्र उघड व्याज लावत, आणि त्यासाठी त्यांना नावे ठेवली जात. दोन्ही रीतींत पाणबुड्याच्या खिशातून जाणारी रक्कम फार वेगळी नव्हती. उलट व्याजाचा दर माणसाला निदान विचारता येतो. तांदळाच्या भावात मुरवलेले व्याज विचारायचे कोणाला? शब्दाला जपणारी आणि अर्थ सोडून देणारी ही धर्मनिष्ठा एकट्या अरबस्तानातच सापडते असे नाही.

मोत्याच्या किमतीचे गणितही पाणबुड्याच्या आवाक्याबाहेरचे होते. मुंबईच्या आणि आखाताच्या बाजारात मोती नुसत्या वजनावर विकला जात नसे. ‘चौ’ नावाच्या मापावर विकला जाई, आणि चौ वजनाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो. म्हणजे वजन दुप्पट झाले तर चौ चौपट. एक मोठा मोती आणि त्याच वजनाचे दोन लहान मोती यांच्या किमतीत म्हणूनच जमीन-अस्मानाचे अंतर पडे. त्यातून पुन्हा रंग, पाणी, गोलाई पाहून भाव कमीजास्त. व्यापारी हे हिशेब छापील कोष्टकांवरून करी. पाणबुड्याला लिहिता-वाचता येत नसे. मोती कितीला गेला, हे नाखुदा सांगेल तेच त्याने खरे मानायचे. ताव्वाश म्हणजे फिरता मोतीव्यापारी. तो तर समुद्रातच नावांना गाठून खरेदी करी. तो सौदा रुमालाखाली बोटे दाबून होई. शेजारी बसलेल्या माणसालाही भाव कळू नये अशीच ती पद्धत होती.

कर्ज फिटेपर्यंत पाणबुड्या नाखुद्याला बांधलेला राही. दुसऱ्या नावेवर जायचे तर ‘बरवा’ लागे. ही एक प्रकारची फारखत. या माणसाकडे आपले काही येणे नाही, किंवा इतके येणे आहे, असे जुन्या नाखुद्याने लिहून दिलेला कागद. देणे असेल तर नव्या नाखुद्याने ते चुकते करायचे, मग माणूस त्याचा. बरवा नसलेल्या माणसाला कोणी नावेवर घेत नसे. पाणबुड्या मेला तर कर्ज मुलावर येई. मुलगा नसेल तर भावावर. पंधरा-सोळा वर्षांचा पोर बापाच्या नाखुद्याकडे बापाच्या देण्यासाठी पाण्यात उतरे. कित्येकांना आपल्या नावावरचे मूळ कर्ज कोणत्या साली, कशासाठी घेतले होते, हेही सांगता येत नसे.

तंटे सोडवायला ‘सलीफा’ हे बुडीचे खास न्यायालय होते. तिथे रूढीला धरून निवाडे होत, आणि न्याय देणारे धंद्यातले जाणते, म्हणजे स्वतः नाखुदाच असत. धंद्याचे ज्ञान पाहिले तर याहून लायक न्यायाधीश मिळणार नाहीत, आणि निःपक्षपणा पाहिला तर याहून गैरलायक नाहीत. सावकाराची वही हाच पुरावा. पाणबुड्याकडे दाखवायला वही नव्हतीच.

या व्यवस्थेची बाजू घेणारेही होते, आणि त्यांचे म्हणणे सरसकट झटकून टाकण्यासारखे नाही. नाखुदा म्हणे की हंगामाबाहेरचे आठ महिने काम नसताना या घरांना जगवतो कोण? पाणबुड्याचे देणे बुडाले तर तोटा नाखुद्याचा. तो स्वतः सावकाराच्या कर्जात असतो आणि वाईट सालात त्याची नावच विकली जाते. हे खरे होते. 1912 साली मोत्याला इतका भाव आला की ते साल पुढे सुबत्तेचे साल म्हणून आठवणीत राहिले. पण त्याच्या मागेपुढे कर्ज फेडता न आलेली साले कितीतरी होती. उचल हा बेटावरचा एकमेव विमा होता, आणि त्याचा हप्ता म्हणजे माणसाचे स्वातंत्र्य.

काही पाणबुडे खरोखर गुलाम होते. त्यांचा वाटा मालकाच्या हातात पडे. अशा माणसाने मनामातल्या ब्रिटिश एजन्सीत जाऊन अर्ज केला तर त्याला मुक्ततेचा दाखला मिळू शके. कर्जबाजारी स्वतंत्र माणसासाठी असा दाखला नव्हता, कारण कायद्याने तो मुळात मुक्तच होता. बहरीनमध्ये अमेरिकन मिशनचे रुग्णालय विसाव्या शतकाच्या आरंभापासून चालू होते. तिथे काम केलेले डॉक्टर पॉल हॅरिसन यांनी 1924 साली प्रसिद्ध झालेल्या ‘द अरब अॅट होम’ या पुस्तकात पाणबुड्यांच्या कर्जबाजारीपणावर कडक लिहिले. मिशनरी माणूस, त्यामुळे त्यांच्या लिखाणात उपदेश आहेच. पण कानात पू झालेले पाणबुडे ते रोज तपासत होते, आणि दुखण्याच्या मुळाशी वही आहे हे त्यांना दिसले होते.

सुधारणा आली ती राजकारणाच्या पाठीवर बसून. मेजर क्लाइव्ह डेली 1921 मध्ये बहरीनला ब्रिटिशांचे पोलिटिकल एजंट म्हणून आले. मे 1923 मध्ये ब्रिटिशांनी वृद्ध शेख ईसा बिन अली यांना कारभार सोडायला लावून मुलगा हमद यांच्याकडे तो सोपवला. जमीन-महसूल, जकात, पोलीस अशा बऱ्याच खात्यांत फेरबदल झाले. त्यातच मोत्यांचा धंदा आला. नवे नियम थोडे होते पण मर्मावर बोट ठेवणारे. नाखुद्याने प्रत्येक माणसाचा वेगळा हिशेब ठेवायचा. पाणबुड्याच्या हातात त्याची स्वतःची वही असायची आणि तिच्यात प्रत्येक देणे-घेणे नोंदवायचे. उचलीला आणि कर्जावरच्या आकाराला मर्यादा. बापाचे कर्ज मुलावर नाही.

खवळले ते नाखुदे, मोठे व्यापारी आणि टोळ्यांचे प्रमुख. दवासिर टोळीचे लोक बेट सोडून समोरच्या किनाऱ्यावर दम्मामला निघून गेले. ते 1927 मध्ये परतले. 1923 च्या ऑक्टोबरमध्ये काही प्रतिष्ठितांनी सभा घेऊन मागण्या मांडल्या. शेख ईसांचा अधिकार कायम राहावा, सल्लागार मंडळ असावे, एजंटाने अंतर्गत कारभारात ढवळाढवळ करू नये. आणि बुडीच्या तंट्यांसाठी धंद्यातल्या जाणत्या चार जणांचे न्यायमंडळ नेमावे. पुढाऱ्यांपैकी अब्दुलवहाब अल-झयानी आणि अहमद बिन लाहिज यांना पकडून मुंबईला हद्दपार करण्यात आले. झयानी 1925 साली मुंबईतच वारले. बहरीनच्या इतिहासात त्यांना परकी सत्तेविरुद्ध उभे राहिलेले पहिले पुढारी मानतात, आणि ते बरोबरच आहे. पण बुडीच्या न्यायमंडळाची त्यांची मागणी मान्य झाली असती तर पाणबुड्याचा निवाडा पुन्हा जाणत्यांच्याच, म्हणजे धनकोंच्याच हाती गेला असता. स्वातंत्र्याची बाजू आणि गरिबाची बाजू नेहमी एकाच माणसाकडे असते, असे समजणाऱ्याला हे वर्ष अडचणीचे आहे.

मराठी वाचकाला यात ओळखीचे काहीतरी दिसेल. 12 मे 1875 रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावात शेतकऱ्यांनी सावकारांवर हल्ला केला, आणि बघता बघता पुणे-नगर भागात दंगे पसरले. जमावाचा रोख माणसांपेक्षा कर्जरोख्यांवर आणि वह्यांवर होता. ते काढून जाळले गेले. त्यातून 1879 चा दख्खनच्या शेतकऱ्यांसाठीचा कायदा आला. रोख्यावर काय लिहिले आहे एवढ्यावर न थांबता मूळ व्यवहार काय होता ते कोर्टाने खणून पाहावे, ऋणकोला पावती आणि हिशेब मिळावा, असे त्यात होते. मुद्दलापेक्षा जास्त व्याज घेता येऊ नये हा दामदुपटीचा नियम तर आपल्याकडे त्याहून कितीतरी जुना. बहरीनच्या नियमांचा गाभाही हाच : कर्ज पाप नाही, पण त्याचा हिशेब ऋणकोला दिसला पाहिजे.

पुढे दोन्हीकडे घडलेही सारखेच. दख्खनमध्ये कायद्याने हात बांधले गेल्यावर सावकार रोख्याऐवजी जमिनीचे खरेदीखतच लिहून मागू लागला, आणि लहान शेतकऱ्याला कर्ज मिळणे अवघड झाले. बहरीनमध्ये उचलीला मर्यादा आली तेव्हा नाखुद्याने हात आखडला. जे देणे वसूल होण्याची खात्री नाही, मुलाकडूनही मागता येणार नाही, ते द्यायचे कशाला? मग हिवाळ्यात पाणबुड्याच्या घरात तांदूळ येईना. एप्रिल 1926 पासून शेखांचे सल्लागार म्हणून काम पाहणारे चार्ल्स बेलग्रेव्ह यांच्या सरकारला दरवर्षी उचलीचा आकडा जाहीर करावा लागे. तो आकडा कमी असला की बोंब होई ती नाखुद्यांची नव्हे, पाणबुड्यांची.

1926 मध्ये पाणबुड्यांचा असंतोष उफाळून आला. सुधारकांना सर्वांत जास्त गोंधळात टाकणारी गोष्ट हीच होती. ज्यांच्यासाठी नियम केले तेच त्यांवर उठले होते. अडाणी माणसाला आपले हित कळत नाही, असे तेव्हा कित्येकांनी म्हटले. ते उत्तर फारच स्वस्त आहे. पाणबुड्याचा हिशेब साधा होता. कर्ज कमी होण्याचा फायदा चार-सहा वर्षांनी, कदाचित मुलाच्या काळात. उचल कमी होण्याचा तोटा याच महिन्यात. जन्मभर न फिटणारे कर्ज असलेल्या माणसाला कर्जाचा आकडा वाढल्याने काही फरक पडत नाही. आजची उचल मात्र खरी असते. त्याची जागा घेणारे दुसरे काही सरकारने दिले नव्हते. ना पतपेढी, ना हिवाळ्यातले काम, ना वाईट सालासाठी मदतीचा निधी. वही हातात आली, पण ती वाचून दाखवायलाही दुसराच माणूस लागे.

1929 नंतर तर बाजारच कोसळला. त्याची कारणे एकात एक गुंतलेली होती. जपानमध्ये कोकिची मिकिमोतो यांनी 1893 पासून शिंपल्यात मुद्दाम कण सोडून मोती वाढवण्याचे तंत्र आणले होते. 1920 च्या दशकाच्या सुरुवातीला असे गोल मोती लंडन-पॅरिसमध्ये पोहोचले आणि खरा कोणता, वाढवलेला कोणता यावर व्यापाऱ्यांत गहजब झाला. त्यातच जागतिक मंदी आली आणि चैनीच्या वस्तूंना गिऱ्हाईक राहिले नाही. मुंबईच्या बाजारात माल पडून राहिला. सावकारांनी नाखुद्यांकडे, नाखुद्यांनी पाणबुड्यांकडे पाठ फिरवली.

मे 1932 मध्ये हंगामाच्या तोंडावर उचल फारच थोडी ठरली. पाणबुडे रस्त्यावर आले. त्यांच्यातल्या एकाला पोलिसांनी पकडले, तेव्हा मुहर्रकहून जमाव मनामाला आला. दोन बेटांना जोडणारा पूल तेव्हा पुरा झालेला नव्हता. माणसे समुद्र ओलांडून आली. पोलीस ठाण्यात घुसून त्यांनी आपल्या माणसाला सोडवले. परतताना पोलिसांनी गोळ्या झाडल्या, आणि त्यात काही जण मारले गेले. त्यानंतर थोड्याच दिवसांत, जून 1932 च्या आरंभी, बेटाच्या मध्यावरच्या जबल दुखान टेकडीपाशी खणलेल्या विहिरीतून तेल आले. आखाताच्या अरबी किनाऱ्यावरचे हे पहिले तेल.

तेलाच्या कंपनीने माणसाला वर्षाच्या आठ महिन्यांसाठी उपाशी सोडले नाही आणि मरणोत्तर कर्जही ठेवले नाही. दर महिन्याला पगार, ठरलेले तास. ज्यांना शक्य होते त्यांनी नाव सोडली. रोजंदारीत एकत्र ढीग नव्हता, नशिबाची वाटणीही नव्हती. पण एकाच कामाला एकाला जास्त आणि दुसऱ्याला कमी का, हा प्रश्न आता उघडपणे विचारता येऊ लागला. 1938 मधल्या चळवळीत कामगारांच्या मागण्या होत्या, 1950 च्या दशकात संप झाले, आणि 1957 मध्ये बेटाला पहिला कामगार कायदा मिळाला. गुलामगिरीवर कायद्याने बंदी त्याआधी, 1937 मध्ये आली होती. बुडीच्या कर्जाला वेगळ्या बंदीची गरजच उरली नाही, धंदाच आटला.

मोत्याच्या खरेपणाबद्दल मात्र बहरीन हट्टी राहिले. वाढवलेल्या मोत्यांच्या व्यापाराला तिथे बंदी आहे. हा नुसता धंद्याचा स्वार्थ म्हणावा तर जो धंदा उरलाच नाही त्यासाठी इतकी कडक बंदी कशाला, असे विचारता येईल. शिंपल्यातला मोती जपानात वाढला म्हणून खोटा ठरत नाही. खोटेपणा तो न सांगता विकण्यात आहे, असे पुष्कळ देशांतल्या कायद्यांनी मानले आणि फक्त जाहीर करण्याची सक्ती केली. बहरीनने फसवणुकीची शक्यताच दारातून आत येऊ दिली नाही. मोत्यांच्या तपासणीसाठी तिथे 1990 मध्ये सरकारी प्रयोगशाळा सुरू झाली. त्या कामासाठी दानात ही संस्था 2017 मध्ये स्थापन झाली.

उचलीचा प्रश्न दुसऱ्याच दारातून परत आला. तेलानंतरच्या बांधकामांवर, दुकानांत, घरकामाला जे लोक बाहेरून आले, त्यांत भारतीय पुष्कळ होते आणि आहेत. त्यांच्यापैकी कित्येक जण गावी जमीन किंवा दागिने गहाण टाकून, दलालाला पैसे भरून येतात. कफील म्हणजे ज्याच्या नावावर माणूस आला तो मालक. त्याच्या संमतीशिवाय नोकरी बदलता येत नसे, आणि हे बरव्यापासून फार लांब नव्हते. बहरीनने 2006 मध्ये श्रमबाजार नियामक संस्था स्थापन केली आणि 2009 मध्ये मालकाच्या परवानगीशिवाय नोकरी बदलण्याची वाट काही अटींवर मोकळी केली. आखातात हे पाऊल लवकरचे होते. फरक एक आहे. पाणबुड्याचा धनको त्याच्याच नावेवर बसलेला होता आणि समुद्राचा धोका काही अंशी त्यालाही होता. आजच्या मजुराचा धनको त्याच्या गावात असतो.

मुहर्रकमधली जुनी घरे, मोतीव्यापाऱ्यांचे वाडे, बू माहिर किल्ला, त्याजवळची किनारपट्टी आणि दूर समुद्रातले तीन शिंपलेतळ यांना मिळून 2012 मध्ये युनेस्कोने जागतिक वारशाचा दर्जा दिला. वारशात 17 इमारती आहेत, आणि त्यांना जोडणारी साडेतीन किलोमीटरांची वाट शहरातून फिरते. व्यापाऱ्यांचे वाडे नक्षीदार छतांसकट नीट उभे आहेत. पाणबुड्यांची राहती घरे बहुधा खजुराच्या झावळ्यांची असत. ती टिकणारी नव्हती.

2017 मध्ये सरकारने मोत्यांच्या धंद्याला पुन्हा उठाव देण्याची योजना आणली. हौशी माणसालाही आता परवाना काढून बुडी मारता येते. एका माणसाला एका फेरीत 60 शिंपले आणता येतात, आणि त्यांत सापडलेला मोती ज्याचा त्याचा.